चाल एकाची, मांडणी दुसऱ्याची, नाव कोणाचं?



मागच्या महिन्यात आम्ही चौघीजणी रेडिओच्या खोलीत बसलो होतो. कार्यक्रम सुरू व्हायला अवकाश होता, म्हणून तिथल्या मुलाने एक धून लावून दिली. तिच्यात शब्द नव्हते आणि गाणारंही कोणी नव्हतं. बँडवाले वाजवतात तसा ट्रम्पेट, पण अगदी दबक्या, मऊ आवाजात एक चाल वाजवत होता आणि मागे बाकीची वाद्यं त्याला सांभाळून घेत होती. आमच्यातल्या एका काकूंना ती आवडली. त्यांनी विचारलं, "ही कोणाची रे?"

"बर्ट केम्फर्टची. जर्मनीचा होता."

"तो ट्रम्पेट वाजवतोय का?"

"नाही, वाजवणारा दुसरा आहे."

"मग चाल याची?"

"चालही दुसऱ्याचीच आहे."

"अरे, मग हा करतो काय?"

आम्ही सगळ्या हसलो. पण काकूंचा प्रश्न हसण्यावारी नेण्यासारखा नव्हता. बचत गटात सहयोगिनी म्हणून काम करताना आम्हालाही तो ऐकावा लागतो. वही तुम्ही लिहीत नाही, कर्ज तुम्ही घेत नाही, पापड तुम्ही लाटत नाही, मग तुम्ही करता काय? म्हणून आम्ही ठरवलं की या माणसाची नीट माहिती काढायची. जी मिळाली ती आज तुम्हाला सांगतो.

आधी त्याचं काम समजून घेऊ. त्याला संगीत संयोजक म्हणतात. आपल्या भजनी मंडळाचं उदाहरण घ्या. अभंग तोच, चाल तीच. पण सगळ्याजणींनी एकदम टाळ कुटायला सुरुवात केली आणि पखवाजही जोरात लागला, तर शब्द बुडतात. तेच पहिली ओळ एकीने म्हटली, दुसऱ्या ओळीला पेटी आली, मग पखवाज, आणि शेवटी सगळ्यांचे टाळ, तर ऐकणारा जागचा हलत नाही. कोणी कधी वाजवायचं, किती हळू वाजवायचं, कोणी कधी गप्प बसायचं, हे ठरवणं म्हणजे संयोजन. मोठ्या वाद्यवृंदात तीस-चाळीस वादक असतात. त्या प्रत्येकासाठी वेगळा कागद लिहावा लागतो. तो कागद संयोजक लिहितो.

आपल्या मुंबईतही अशी माणसं होती. हिंदी सिनेमाच्या जुन्या गाण्यांत व्हायोलिनचा जो भरणा ऐकू येतो, त्यामागे गोव्याहून आलेल्या संयोजकांचे कष्ट आहेत. शंकर-जयकिशन यांच्या गाण्यांचं संयोजन सेबॅस्टियन डिसोझा करत. अँथनी गोन्साल्विस हे दुसरे. लक्ष्मीकांत-प्यारेलाल या जोडीतले प्यारेलाल त्यांच्याकडे व्हायोलिन शिकले आणि पुढे 'अमर अकबर अँथनी'मधल्या एका गाण्यात त्यांनी गुरूचं नाव घातलं. ते गाणं आपल्याला ठाऊक असतं, पण त्या नावाचा खरा माणूस होता हे किती जणींना माहीत आहे?

आता जर्मनीकडे जाऊ. बर्ट केम्फर्ट यांचा जन्म १६ ऑक्टोबर १९२३ रोजी हॅम्बुर्ग या बंदराच्या शहरात झाला. त्यांची वस्ती बार्मबेक. ती कामगारांची वस्ती होती. बर्ट सहा वर्षांचे असताना त्यांना मोटारीची धडक बसली. मुलगा वाचला आणि नुकसानभरपाईचे काही पैसे घरात आले. त्या पैशांतून आईने मुलासाठी पियानो विकत घेतला.

मैत्रिणींनो, इथे थोडं थांबा. कामगार वस्तीतलं घर. अचानक आलेल्या पैशाला अशा घरात शंभर वाटा फुटतात, हे आपल्याला सांगायला नको. त्या बाईने तो पैसा मुलाच्या हातातल्या कलेवर लावला. पुढचं सगळं त्या पियानोपासून सुरू होतं.

मुलगा पियानो शिकला, मग अ‍ॅकॉर्डियन, क्लॅरिनेट, सॅक्सोफोन. हॅम्बुर्गच्या संगीत शाळेत गेला. त्या वेळी जर्मनीत हिटलरची राजवट होती. अमेरिकेतल्या कृष्णवर्णीय लोकांचं जाझ संगीत त्या राजवटीला खपत नसे. हॅम्बुर्गमधली काही तरुण मुलं ते चोरून ऐकत, त्यावर नाचत, आणि पकडली गेली तर त्यांना शिक्षा होई. मग महायुद्ध लागलं. बर्ट नौदलाच्या वाद्यवृंदात भरती झाले. युद्ध हरल्यावर त्यांना डेन्मार्कमध्ये कैदेत राहावं लागलं. तिथेही ते स्वस्थ बसले नाहीत. सोबतच्या कैद्यांना गोळा करून त्यांनी वाद्यवृंद उभा केला.

ते सुटून आले तेव्हा हॅम्बुर्गचा मोठा भाग १९४३ च्या बॉम्बहल्ल्यांत बेचिराख झालेला होता. शहरात परदेशी सैनिकांचा मुक्काम होता आणि त्यांच्या क्लबांमध्ये वादकांना काम मिळे. काल ज्यांच्या विरुद्ध युद्ध होतं, त्यांच्यासमोर आज वाजवायचं आणि पोट भरायचं. त्यातून बर्ट यांना एक शिक्षणही मिळालं. जे जाझ चोरून ऐकावं लागत होतं, ते आता उघड्यावर वाजवता आलं. पुढे ते हॅम्बुर्ग रेडिओसाठी काम करू लागले आणि मग पॉलिडोर या रेकॉर्ड काढणाऱ्या कंपनीत संयोजक आणि निर्माते झाले.

त्यांनी जे संगीत केलं त्याला आपल्याकडे रेडिओवर सुगम संगीत म्हणतात तसलं समजा. शास्त्रीय मैफलीसारखं मन एकवटून बसायची गरज नाही. भाजी चिरता चिरता, शिवणयंत्र चालवता चालवता ऐकावं, थकलेल्या जिवाला जरा बरं वाटावं, असं संगीत. काही जाणकार लोक त्याला हलकं म्हणून नाक मुरडतात. पण जे ऐकायला सोपं असतं ते करायला सोपं असतंच असं नाही. मऊ भाकरी खायला सोपी असते. थापणारीला विचारा.

सुरुवातीची बरीच वर्षं केम्फर्ट दुसऱ्यांची गाणी मांडत होते. १९५९ साली युगोस्लाव्हियाचे गायक इव्हो रोबिच यांचं एक जर्मन गाणं त्यांनी मांडलं आणि ते थेट अमेरिकेत गाजलं. त्याच वर्षी फ्रेडी क्विन या गायकाचं गिटार आणि समुद्रावरचं गाणं जर्मनीत लोकप्रिय झालं, त्यामागेही तेच. १९६० साली एल्व्हिस प्रेस्ली या अमेरिकन गायकाच्या एका सिनेमासाठी त्यांनी जर्मनीतलं एक जुनं लोकगीत घेतलं. गाव सोडून निघालेला मुलगा आपल्या माणसाचा निरोप घेतो, असं ते गाणं. त्याला इंग्रजी शब्द मिळाले आणि पुढच्या वर्षी ते इंग्लंडमध्ये पहिल्या क्रमांकावर गेलं.

आता काकूंना आवडलेल्या त्या धुनेकडे येऊ. तिच्या नावाचा अर्थ 'रात्रीची अद्भुत नगरी' असा काहीसा. चाल क्लाउस-गुंटर नॉयमान यांची. ट्रम्पेट चार्ली टाबोर यांचा. संयोजन केम्फर्ट यांचं. १९५९ मध्ये ध्वनिमुद्रण झालं, पण त्यांच्याच कंपनीला हॅम्बुर्गमध्ये ते चालेलसं वाटेना. घरच्यांनी नाकारलेला माल घेऊन केम्फर्ट न्यूयॉर्कला मिल्ट गेबलर या निर्मात्याकडे गेले. गेबलर यांचा कान तयार होता. त्यांनी अमेरिकेत रेकॉर्ड काढली आणि जानेवारी १९६१ मध्ये ती तिथल्या विक्रीच्या यादीत पहिल्या क्रमांकावर पोहोचली. शब्द नाहीत, गायक नाही, निर्माता पराभूत देशातला. तरी तीन आठवडे ती वर राहिली.

त्या मांडणीत असं काय होतं? आम्ही तो तुकडा चार-पाच वेळा ऐकला आणि रेडिओवरच्या मुलाकडून समजून घेतला. चाल एकच वाद्य सांगतं, तेही घाई न करता. व्हायोलिनं खाली अंथरूण घातल्यासारखी असतात. माणसांचे आवाज येतात, पण ते शब्द म्हणत नाहीत, नुसता 'ऊ' असा सूर धरतात. आणि खरी गंमत आहे ती खर्जात. केम्फर्ट यांच्या वाद्यवृंदात खर्जाची दोन वाद्यं असत. एक मोठं, घुमणारं. दुसरी बास गिटार, ती वाजवत मूळचे प्राग शहराचे लाडी गाइस्लर. ते तार छेडत आणि लगेच दाबून टाकत. त्यामुळे आवाज घुमत नाही, 'टक् टक्' असा तुटक येतो. सुकी काटकी मोडावी तसा. वर सगळं मऊ आणि खाली ही टकटक, त्यामुळे ऐकणाऱ्याचा पाय आपोआप हलतो. ही टकटक ऐकली की जाणकार लगेच ओळखत, हा केम्फर्टचा वाद्यवृंद. नाव न वाचता काम ओळखू येणं, याहून मोठी सही कोणती?

१९६१ च्या जून महिन्यात आणखी एक गोष्ट घडली. हॅम्बुर्गच्या रात्रीच्या क्लबांत इंग्लंडहून आलेली काही पोरं वाजवत होती. एका गायकाला साथ द्यायला केम्फर्ट यांनी त्यांना करारावर घेतलं आणि एका सभागृहात ध्वनिमुद्रण केलं. ती पोरं म्हणजे बीटल्स. पुढे ज्यांनी सगळं जग वेडं केलं, तीच. पण रेकॉर्डवर त्यांचं नाव आलं नाही, 'बीट ब्रदर्स' असं दुसरंच छापलं गेलं. पुढच्या वर्षी त्यांच्या नव्या व्यवस्थापकाने विनंती केली की मुलांना करारातून मोकळं करा. केम्फर्ट यांनी मुदत संपण्याआधीच त्यांना सोडलं. आमच्या मार्गात त्यांची संधी अडकू नये, फक्त पुढे हॅम्बुर्गला येतील तेव्हा एकदा आमच्यासाठी वाजवावं, एवढंच मागितलं. लोक म्हणतात, केवढी सोन्याची खाण हातची घालवली. आम्हाला वाटतं, कराराचा कागद खिशात असताना कोणाची वाट न अडवणारा माणूसही विरळाच.

आता पैशाचं बोलू, कारण खरा मुद्दा तिथे आहे.

संयोजकाला साधारणपणे कामाचे एकदाच पैसे मिळतात. रोजंदारीसारखं. चाल बांधणाऱ्याला मात्र रॉयल्टी मिळते. म्हणजे रेकॉर्ड विकली गेली, रेडिओवर गाणं वाजलं, दुसऱ्या कोणी ते गायलं, की दरवेळी त्याचा वाटा. एक रोजाने जाते, दुसरीचं शेत आहे, एवढा फरक. केम्फर्ट यांनी दुसऱ्यांच्या चाली मांडता मांडता स्वतःच्या चाली बांधायला सुरुवात केली. आधी नुसती धून वाजवायची, मग गेबलर यांच्यासारखे जाणते लोक तिला इंग्रजी शब्द लावत. एक धून होती मेणबत्त्या लावलेल्या कॅफेच्या नावाची. शब्द आले आणि ती झाली 'डांके शोन', म्हणजे जर्मनमध्ये धन्यवाद. १९६३ साली वेन न्यूटन या तरुण गायकाचं त्यावर नाव झालं. नेपल्स शहरावरच्या चंद्राची धून शब्द मिळाल्यावर एका स्पॅनिश मुलीच्या डोळ्यांचं गाणं झाली. प्रेम या अर्थाच्या इंग्रजी शब्दाची चार अक्षरं घेऊन केलेलं गाणं नॅट किंग कोल यांनी १९६४ मध्ये गायलं.

सगळ्यात मोठं गाणं १९६६ चं. एका सिनेमासाठी बांधलेल्या धुनेला शब्द मिळाले, 'स्ट्रेंजर्स इन द नाइट' असं नाव मिळालं आणि ते फ्रँक सिनात्रा यांनी गायलं. अमेरिका आणि इंग्लंड, दोन्हीकडे पहिला क्रमांक. या वेळी उलटं झालं. चाल केम्फर्ट यांची होती आणि गाण्याचं संयोजन अर्नी फ्रीमन यांनी केलं होतं. पुढच्या वर्षी ग्रॅमी हा मोठा पुरस्कार गाण्याला मिळाला, आणि संयोजनासाठी वेगळा ग्रॅमी फ्रीमन यांनाही मिळाला. मांडणाऱ्यालाही बक्षीस असतं, हे ऐकून काकू खूश झाल्या.

पण एवढं मोठं गाणं झालं की वाटेकरीही उभे राहतात. ही चाल आपली आहे असं सांगणारे एकाहून जास्त निघाले. फ्रान्समधल्या एका संगीतकाराचा दावा कोर्टात गेला. १९७१ मध्ये निकाल लागला आणि दावा फेटाळला गेला. केम्फर्ट यांच्याकडे कागद होते, वकील होते, मागे कंपनी होती. म्हणून ते टिकले.

ज्याच्याकडे यातलं काहीच नसतं, त्याचं काय होतं? तेही याच गोष्टीत आहे.

१९६२ साली केम्फर्ट यांनी 'अ स्विंगिंग सफारी' नावाची रेकॉर्ड काढली. दक्षिण आफ्रिकेत रस्त्यावरची गरीब मुलं पत्र्याच्या स्वस्त बासऱ्यांवर नाचतं संगीत वाजवत. त्याला क्वेला म्हणतात. त्या ढंगावर ही रेकॉर्ड होती आणि ती खूप खपली. तिच्यात एक चाल होती, जिचं मूळ सॉलोमन लिंडा या झुलू गायकाचं. लिंडा यांनी ती १९३९ मध्ये जोहान्सबर्गला आपल्या साथीदारांबरोबर गायली होती. ती रेकॉर्ड अमेरिकेत पोहोचली, तिथल्या लोकांनी तिच्यावर आपल्या नावांचे शिक्के मारले, आणि फिरत फिरत ती जर्मनीत आली. केम्फर्ट यांच्या हाती आली तेव्हा मूळ मालकाचं नाव वाटेतच गळून पडलेलं होतं. लिंडा यांनी हक्क दहा शिलिंगांना लिहून दिला होता, असं सांगतात. ज्या वर्षी हॅम्बुर्गची ती रेकॉर्ड निघाली, त्याच १९६२ साली लिंडा गरिबीत वारले. पुढे त्यांच्या मुलींसाठी कोर्टात दावा लढवला गेला आणि २००६ मध्ये तडजोड होऊन त्यांचा वाटा मान्य झाला. वडील जाऊन चव्वेचाळीस वर्षं झाली होती.

मैत्रिणींनो, हे वाचताना आम्हाला आमच्याच एका गटाची आठवण झाली. त्यांच्या शेंगदाणा चटणीला चांगली चव आहे. एका व्यापाऱ्याने सुटी चटणी किलोवर घेतली, स्वतःच्या पुड्यांत भरली आणि पुडीवर स्वतःचं नाव छापलं. त्याने पैसे बुडवले नाहीत. ठरलेला भाव दिला. पण दोन वर्षांनी त्याच बायका आपली चटणी घेऊन बाजारात बसल्या, तेव्हा गिऱ्हाईक म्हणालं, ही तर अमक्याच्या चटणीची नक्कल दिसते! त्या दिवशी एक ताई रडली. कागद तिने वाचला नव्हता. आम्हीही वाचला नव्हता, हे इथे कबूल केलं पाहिजे.

म्हणून केम्फर्ट यांच्या गोष्टीतून आम्ही काय घेतलं ते सांगतो. संयोजकाचं काम खरं काम आहे. चटणी कुटणारी, दाणे भाजणारी, पाकिटं मोजणारी, उधारी लिहिणारी आणि सगळ्यांना वेळेवर गोळा करणारी, या सगळ्या मिळून माल होतो. तेव्हा पुढच्या बैठकीच्या इतिवृत्तात नुसतं 'ऑर्डर पूर्ण केली' असं लिहू नका. कोणी काय केलं ते नावानिशी लिहा. पुडीवर गटाचं नाव आल्याशिवाय माल देऊ नका, आणि द्यायचाच तर वेगळा भाव ठरवून, लेखी द्या. सही किंवा अंगठा देण्याआधी कागद मोठ्याने वाचून घ्या, सगळ्यांसमोर. एखादीच्या हाताला वेगळी चव असेल, तर ती कृती कोणाची ते वहीत नोंदवून ठेवा.

केम्फर्ट यांचं पुढचं आयुष्यही बहुतेक स्टुडिओतच गेलं. लोकांसमोर मंचावर मोठा कार्यक्रम करायला १९७४ साल उजाडलं, तोही लंडनच्या रॉयल अल्बर्ट हॉलमध्ये. सहाच वर्षांनी, २१ जून १९८० रोजी, स्पेनच्या मायोर्का बेटावर ते वारले. वय अवघं ५६. अमेरिकेच्या गीतकार-संगीतकारांच्या सन्मानयादीत त्यांचं नाव १९९३ मध्ये आलं, ते गेल्यावर.

हॅम्बुर्गमध्ये, त्यांच्या जन्माच्या बार्मबेक भागात, एका चौकाला आज त्यांचं नाव आहे. त्या चौकाला लागून एक संग्रहालय आहे. राजा-राणीचं नव्हे, कामगारांच्या कामाचं. जुनी यंत्रं, जुनी अवजारं, आणि ती चालवणाऱ्या माणसांची माहिती तिथे मांडून ठेवली आहे. पडद्यामागे राहून काम केलेल्या माणसाला याहून चांगला शेजार मिळाला नसता.

हे सगळं आम्ही काकूंना वाचून दाखवलं. त्या जरा वेळ गप्प बसल्या आणि मग म्हणाल्या, "त्याच्या आईचं नाव आहे का कुठे त्या चौकात?"

आमच्याकडे उत्तर नव्हतं. पण प्रश्न वहीत लिहून ठेवला आहे, काकूंच्या नावानिशी.